हाकललेला आवाज

…नाही हो, भूत नव्हतंच, ते आधीच सांगून टाकते, कारण भूत परवडलं असतं! भुताला निदान काहीतरी हवं असतं, ते दिलं की जातं निमूट. हा जो आवाज होता ना, त्याला काही म्हणजे काही नको होतं, उलट तोच कुणाला तरी नको झाला होता… आणि घरात नकोशी झालेली वस्तू कुठे जाते ते तुम्हाला मी काय सांगणार, मागच्या खोलीत! आता मला सांगा, खुर्ची हाकलता येते, मांजर हाकलता येतं, पण आवाज हाकलला म्हणून जातो का हो कुठे?

मागची खोली म्हणजे आमच्या आक्काची. माझी मोठी बहीण. तिचे यजमान, आमचे भावजी, ड्रायव्हिंग शिकवायचे. जन्मभर शेजारच्या सीटवर बसून दुसऱ्यांच्या चुकांसाठी ब्रेक मारला त्या माणसाने. शिकवणीच्या गाडीत मास्तरच्या पायाशीही एक ब्रेक असतो, बघितलाय ना? ती सवय अशी हाडात मुरलेली, की घरी कुणी भराभरा जेवायला लागलं तरी टेबलाखाली भावजींचा पाय दाबला जायचा. बोलणंही तसलंच. आरसा बघ, गियर टाक, ब्रेक मार, अरे ब्रेक! शिकणारी पोरं त्यांना सर म्हणायची, आणि सरांपुढे दुसऱ्या कुणाला तोंड उघडायची सोय नव्हती.

तर हे सर अंथरुणाला खिळले. त्यांचा मुलगा, म्हणजे माझा धाकटा भाचा, छापखान्यात सकाळच्या पाळीला असतो, दुपारी घरी येतो, जेवतो आणि कॉम्प्युटरवर ट्रक चालवायचा गेम खेळतो. एवढा बाप्या झालाय, लग्नाचा विषय काढला की कानाला हेडफोन लावतो. पण गुणी हो. बाबांना पडल्या पडल्या करमत नाही म्हणून त्याने काय केलं, आपल्या आणि बाबांच्या खोलीमधल्या भिंतीला भोक पाडलं, त्यातून वायर ओढली आणि बाबांच्या पलंगासमोर टीव्ही टांगला. इकडे हा ट्रक चालवणार, तिकडे बाबांना तोच ट्रक दिसणार आणि भिंतीपलीकडून आवाज येणार, आरसा बघ! आक्का सांगते, पांघरुणाखाली ह्यांचा पाय ब्रेक शोधत असायचा. रात्री टीव्हीचा तो बारका लाल दिवा डोळ्यांत जायचा, म्हणून आक्काने त्याच्यावर जखमेची चिकटपट्टी लावून टाकली.

भावजी गेले. आणि नंतर काही दिवसांनी टीव्हीचं चित्रही गेलं, काळाठिक्कर. सगळे म्हणाले, चला, हाही गेला. पण चित्र गेलं म्हणजे टीव्ही गेला, असं कुणी सांगितलं? आतून तो जिवंत होता! धाकट्याने कॉम्प्युटर सुरू केला की तोही जागा व्हायचा आणि डोळे गेलेल्या माणसासारखा गप्प भिंतीवर टांगून असायचा. दिव्यावर पट्टी. कळणार कुणाला?

आता धाकट्याचं काय, की तो नुसता खेळत नाही, खेळताना सगळं रेकॉर्ड करतो आणि लोकांना दाखवतो. दुसऱ्याचा खोटा ट्रक खोट्या रस्त्याने जाताना लोकांनी का बघावा, ते मला विचारू नका, पण बघतात! पाऊस पडतोय, वायपर इकडे तिकडे, इंजिनाची घरघर, मधूनच धाकटा हळू आवाजात म्हणणार, आता उतार आहे, वेग जरा कमी करू… आणि लोकांना त्याने झोप लागते म्हणे. दमूनभागून आलेली माणसं ते लावून पडतात. बापाने जन्मभर लोकांना स्टिअरिंगवर जागं ठेवलं, मुलगा झोपवतोय. चालायचंच.

पण हा एकटा नाही ना चालवत. मित्रांचा ताफा असतो. प्रत्येक जण आपापल्या घरी, आपापला ट्रक घेऊन, आणि हेडफोन लावून आपसात अखंड बडबड. त्याला व्हॉइस चॅट म्हणतात. एक फटफट, तो श्वास घ्यायला थांबत नाही. एक चघळ्या, त्याच्या तोंडात सदा काहीतरी कुरकुरत असतं. आणि तिसरा वयाने मोठा, खोकणारा, त्याला कंडक्टर म्हणतात, कारण सगळे आले का, मागे कोण राहिलं, जेवलात का रे, ही चौकशी त्याच्याकडे. आता कॉम्प्युटरच्या पोटात सगळे आवाज एकत्र, ट्रकचा कुठला आणि चघळ्याचा कुठला, रेकॉर्डिंगला काय कळणार? लोकांच्या तक्रारी यायला लागल्या. एका बाईने लिहिलं, मला झोप लागतच होती, तेवढ्यात तुमचा ट्रक बिस्किटं खायला लागला.

धाकट्याने मित्रांपुढे हात जोडले, बाबांनो, रेकॉर्डिंग चालू असताना गप्प बसा. फटफट म्हणाला, बसतो, आणि आपण कसे कसे गप्प बसणार आहोत ते समजावत बसला.

मग धाकट्याने विचारून, वाचून, खटपट करून शोधून काढलं. त्या रेकॉर्ड करायच्या प्रोग्रॅममध्ये म्हणे प्रत्येक आवाजाला वेगळी ओळ देता येते. एक ट्रकची, एक स्वतःच्या माइकची, एक मित्रांची. आणि मित्रांच्या ओळीवर एक सोय होती, फक्त ऐकवा, रेकॉर्डमध्ये घेऊ नका. हेच तर हवं होतं! त्याने ते निवडलं. खाली विचारलेलं, कुठे ऐकवू? यादीत नुसती इंग्रजी अक्षरं आणि आकडे, भांड्याच्या बुडावर असतात तसले. याने वरचं पहिलं नाव दाबलं आणि मोकळा झाला. मित्र हेडफोनमध्ये आधीही ऐकू येत होते, तसेच येत राहिले, मग तो कशाला बघतोय ते आणखी कुठे ऐकू जातात? रेकॉर्डिंग लावून पाहिलं, ट्रक एकटा, पाऊस एकटा, चघळ्याचा मागमूस नाही. धाकटा खूश! गेला म्हणाला आवाज. गेला? आवाज हाकलला म्हणून जातो का हो कुठे?

इथे मला थोरलीचं सांगायला हवं, नाहीतर आक्काची पंचाईत तुमच्या लक्षात यायची नाही. थोरली म्हणजे आक्काची मुलगी, लग्न होऊन दुसऱ्या गावी, शाळेच्या ऑफिसात कामाला. वाईट नाही हो. आईवर जीव आहे, पण जीव लावते तोही फाइलीला दोरा आवळल्यासारखा. भावजी गेल्यावर आक्काने एकदा चहाचे दोन कप भरले, दुसरा कप पलंगाशी नेऊन ठेवला आणि मग तिला आठवलं. एकदा दाराला कडी घालायची राहिली. थोरलीने ठरवून टाकलं, आईचं डोकं चालेनासं झालंय, तिला आपल्याकडे न्यायचं. आपल्या घरातली एक खोली रिकामी केली, नवा पलंग आणला. आणि आक्काला तर जायचं नव्हतं! ज्या खोलीत नवऱ्याला रोज कुशीवर वळवलं, पाणी पाजलं, ती सोडून परक्या भिंतीकडे काय बघत बसायचं? रडारड, अबोला, सगळं झालं. शेवटी थोरली म्हणाली, बरं, राहा. पण यापुढे एक जरी विचित्र प्रकार माझ्या कानावर आला तर बॅग घेऊन येईन आणि मग कुणाचं ऐकणार नाही.

अशा बाईला, भर दुपारी, भांडी आवरून जरा पाठ टेकते न टेकते तोच, मेलेल्या टीव्हीतून बारीक आवाज यावा, "ब्रेक मार… अरे ब्रेक मार, मागून गाडी येतेय!"

काय झालं असेल तिचं? तुम्ही किंचाळला असता, मी तर शेजाऱ्यांकडे पळाले असते. आक्का उठून बसली आणि तिने काय केलं, तर आधी दार लावून घेतलं. भुताला बाहेर ठेवायला नव्हे हो, धाकट्याला कळू नये म्हणून! त्याला कळलं की तो बहिणीला सांगणार, बहीण बॅग उचलणार. आवाज ऐकू येतात म्हणणाऱ्या म्हातारीला कोण घरात ठेवतं?

रोज दुपारी तेच. काळी काच, तिच्यात आपलाच पलंग उलटा दिसतोय, आणि आतून पुरुषांची कुजबुज. गियर टाक. डावीकडे घे. दिवे लाव, अंधार झालाय. बाहेर लख्ख ऊन आणि हे म्हणतायत अंधार झालाय! मागे कोण राहिलं? कुणीतरी खोकायचं. कुणीतरी विचारायचं, जेवलात का रे सगळे? एकदा तर स्पष्ट, "तो गेला वाटतं. मघाशी बोलत होता, एकदम गेला." चघळ्याचं इंटरनेट गेलं होतं हो! पण आक्काला काय ठाऊक? तिच्या अंगावर सर्रकन काटा आला.

हळूहळू तिने मनाशी जुळवलं. ब्रेक म्हणतात, गियर म्हणतात, आरसा म्हणतात, म्हणजे दुसरं काय असणार? ह्यांनी तिथेही शिकवणी उघडली. गेल्या गेल्या! दोन दिवस स्वस्थ बसले नसतील. आणि ही सगळी तिथली पोरं, शिकणारी, बिचारी अजून धड चालवता न येणारी. आक्काला आधी भीती वाटली, मग राग आला, इथे आयुष्यभर शिकवण्याच केल्यात, आता तरी आराम करायचा… आणि मग ती वाट बघायला लागली. कारण तुमच्या लक्षात आलं का? सगळे बोलत होते. हेच बोलत नव्हते. रोज दुपारी ती टीव्हीच्या कडेला कान लावून उभी राहायची, आज तरी मागून तो आवाज येईल, आज तरी ओरडतील. फटफट बोलायचा, चघळ्या बोलायचा, खोकला यायचा, एकदा तर खोकला असा ओळखीचा वाटला की तिने काचेवर हात ठेवला. काच कोमट होती.

शेवटी एक दिवस तिच्याने राहवेना. टीव्हीच्या कडेशी तोंड नेऊन तिने अगदी हळू विचारलं, "सर आहेत का तिथे? सरांना द्या ना जरा."

आणि टीव्हीच्या मागेच ते भोक! भोकाच्या पलीकडे टेबल, टेबलावर धाकट्याचा माइक. टीव्हीचा आवाज आजारपणात होता तसाच बारीक, तो पलीकडे जात नव्हता, पण ही बोलायची ते नळीतून सांडल्यासारखं थेट माइकपाशी. मित्रांकडे जाणाऱ्या आवाजातून असली खुसफूस गाळली जाते म्हणे, म्हणून त्यांना पत्ता नाही. धाकट्याच्या कानांवर हेडफोन, त्यालाही नाही. रेकॉर्डिंगमध्ये मात्र सगळं जसंच्या तसं.

मग काय! धाकटा रेकॉर्डिंग ऐकायला बसला. पाऊस, वायपर, घरघर… आणि त्या घरघरीत एक बाई. सरांना द्या ना जरा. धाकट्याच्या हातातला चहा मांडीवर. परत लावलं, परत तीच. मित्रांची ओळ तपासली, बंद. गेममध्ये बाईच नाही. दुसऱ्या दिवशीच्या रेकॉर्डिंगमध्ये ती म्हणाली, इतक्या लांब गेलात, निरोप तरी द्यायचा. तिसऱ्या दिवशी नुसतीच, ऐकताय ना? ऐकताय ना?

तुम्ही म्हणाल, सख्ख्या आईचा आवाज ओळखता येऊ नये? अहो, कसा ओळखणार? आक्काचा आवाज त्याने ऐकलाय तो जेवायला ये, दूध बघ, पंखा बंद कर, असा! नवऱ्याशी एकटीने बोलायचा बाईचा आवाज मुलांनी कधी ऐकलेला असतो का? तो आवाज त्या घरात कुणालाच माहीत नव्हता. जाणणारा एकच होता, तो गेलेला.

त्यातून एक रेकॉर्डिंग न ऐकताच लोकांपुढे गेलं. झाली बोंबाबोंब! झोपायला म्हणून लावलेलं, माणसं ताडकन उठून बसली. ही बाई कोण? सर कोण? कुणी लिहिलं, दिवा लावून झोपतोय. धाकट्याने सगळ्या ओळी उसवल्या, परत विणल्या, माइक पुसला, कॉम्प्युटर पुसला. आईला काही सांगितलं नाही, ती घाबरेल. आई त्याला काही सांगत नव्हती, तो बहिणीला सांगेल. दोघं समोरासमोर जेवायला बसायची, एकमेकांना आग्रह करायची आणि भिंतीकडे बघायची नाहीत. आहे की नाही? एकाने आवाज हाकलला तो दुसरीच्या खोलीत, दुसरीचा न हाकलताच गेला याच्या रेकॉर्डिंगमध्ये! आवाज असा जातो का हो कुठे?

शेवटी धाकट्याला सहन होईना, त्याने बहिणीलाच फोन केला. घरात काहीतरी आहे ताई, बाईचा आवाज येतो. थोरलीला तेवढं पुरे. अशा घरात आई एक दिवस राहणार नाही! पुढच्या सुट्टीच्या दिवशी, दुपारी, बॅगेसकट दारात हजर.

धाकटा भित्रा. बहीण आल्याबरोबर आपल्या खोलीत जाऊन हेडफोन लावून बसला. इकडे थोरलीने आईचं कपाट उघडलं. घड्या घालते, बॅगेत ठेवते, आई, हे हवं का, आई, हे जुनं झालंय. आक्का पलंगाच्या कडेला बसलेली, नुसती टीव्हीकडे बघतेय. मनात म्हणतेय, आज तरी गप्प राहा रे पोरांनो. शिकवणी बुडाली तरी चालेल, पण आज एक दिवस गप्प राहा.

आणि टीव्हीतून खोकला आला. मग आवाज, एरवीपेक्षा मोठा, कारण पलीकडे कुणीतरी खरंच चुकलं होतं, "ब्रेक! अरे ब्रेक मार!"

थोरलीच्या हातातला कपडा खाली. आणि तिचा उजवा पाय… अहो, तिला गाडी कुणी शिकवली होती? बापाने! पाय जमिनीवर असा दाबला गेला की टाच वाजली. चेहरा पांढराफटक.

"आई… ऐकलंस?"

आता आक्काची कसोटी बघा. हो म्हणावं, तर आईला आवाज ऐकू येतात, बॅग तयारच आहे. नाही म्हणावं, तर ज्याच्या आवाजासाठी इतक्या दुपारी कान लावून उभी राहिली, त्याच्याच पोरांना, त्याच्याच पलंगावर बसून, नाही म्हणायचं. तिने एकदा काळ्या काचेकडे बघितलं. मग शांतपणे पडलेला कपडा उचलला, झटकला आणि म्हणाली,

"काय ऐकायचं? मला तर काहीच ऐकू आलं नाही."

"अगं, टीव्हीतून… बाबांसारखं…"

"बंद पडलेल्या टीव्हीतून?" आक्का म्हणाली. "असं कधीपासून होतंय तुला?"

मागे कोण राहिलं, टीव्हीने विचारलं. बस! थोरली जी सुटली ती थेट भावाच्या खोलीत, त्याच्या कानांवरचा हेडफोन उपसला, बोंब मारायला तोंड उघडलं, आणि हातातल्या हेडफोनमधून तोच खोकला, तोच माणूस, मागे कोण राहिलं रे?

पुढचं तुम्हाला कळलंच असेल. हेडफोन एका हातात, कान भोकाला. धाकट्याने यादी उघडली, ते वरचं पहिलं नाव बघितलं, टीव्हीच्या मागे डोकावून तिथली अक्षरं वाचली, तीच. चिकटपट्टी सोलली, खाली लाल दिवा, टक्क उघडा. हसायलाच लागला, पोट धरून. फक्त ऐकवा म्हटलं होतं मी, तर याने आईला ऐकवलं! थोरलीही हसली, घाम पुसत. आणि मग धाकटा हसता हसता मधेच थांबला. मित्र टीव्हीत गेले ते कळलं. ती बाई?

त्याने आईकडे बघितलं. आक्का घाईघाईने चहा ठेवायला निघाली होती.

चहा झाला. बॅग तशीच उघडी. शेवटी थोरलीनेच विचारलं, आई, तुला खरंच वाटलं होतं का गं, की बाबा तिथे आहेत? आक्का म्हणाली, "पहिले काही दिवस वाटलं. मग कळलं, नसणार. हे असते तर त्या पोरांना एवढं बोलू दिलं असतं?"

थोरलीने कपडे परत कपाटात लावले. दुसरं काय करणार? टीव्हीतून बाबा ऐकणारी आता तीच होती, आई तर नाही म्हणाली होती!

धाकट्याने यादीतलं नाव बदललं, टीव्हीचं भिंतीवरचं बटणच बंद केलं. दुपारी खोली गप्प. आक्का म्हणते, इतकी गप्प की स्वतःचं गिळणं ऐकू यायचं. लेकीसमोर हक्काने राहायला मिळालेली खोली, आणि बाईला तिथे बसवेना. कपबशी घेऊन उगीच धाकट्याच्या दारात जायची, काय रे, जेवला का तो खोकणारा, असं विचारून परत यायची. आणि तिकडे लोक! आठवडाभर घाबरले, ओरडले, आणि बाई गेल्यावर विचारायला लागले, त्या बाई कुठे गेल्या? बऱ्या आहेत ना? त्यांच्याशिवाय झोप लागत नाही! ज्या घरातून आवाज घालवायला एवढा आटापिटा केला, तिथे आता आवाज पाहिजे.

तेव्हा धाकट्याने आपण होऊन टीव्ही पुन्हा जोडला आणि पलंगाशी एक माइक आणून ठेवला, आक्काचं बोलणं मित्रांनाही ऐकू जावं म्हणून. मित्रांची ओळ बंदच, ते रेकॉर्डिंगमध्ये नकोत. आक्काची ओळ चालू. म्हणजे लोकांना ऐकू येते ती एकटी बाई, पावसात, कुणाला तरी म्हणतेय, श्वास घे आधी, मग बोल. तोंडातलं संपव. आरसा बघ. समोरून कुणाचंच उत्तर नाही. ऐकताना मला विचाराल तर अजून अंगावर काटा येतो, पण लोक घोरतात.

थोरलीही ऐकते बरं का, रोज, झोपताना. आणि एखाद्या दिवशी आक्काला कंटाळा आला, डोकं दुखलं, जरा पडून राहिली, तर सकाळी हिचा फोन! आई, काल बोलली नाहीस, बरं नाही का? एकटीला झेपत नाही का? खोली तयारच आहे, येऊ का न्यायला?

परवा मी विचारलं, आक्का, रोज रोज कशाला घसा सुकवतेस? तर म्हणाली, "आधी बोलले असते तर घर सुटलं असतं, आता गप्प बसले तर सुटेल. मग काय… बोलते."